मृत्युपत्राची सिद्धता : एका शब्दामागचा इतिहास

आपल्या ट्रस्टच्या कार्यालयात शिरताना डाव्या हाताच्या भिंतीवर देणगीदारांचा संगमरवरी फलक आहे. त्यावरील प्रत्येक नावापुढे रक्कम कोरलेली आहे. फक्त एका नावापुढे रकमेऐवजी 'मृत्युपत्रान्वये' एवढाच शब्द आहे. सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेसाठी मीही काही लिहावे असा आग्रह संपादक मंडळाने धरला, तेव्हा याच एका शब्दाचा इतिहास सांगावा असे मनात आले. प्रस्तुत लेखक कायद्याचा पदवीधर नाही. वाणिज्य शाखेची पदवी घेताना व्यापारी कायद्याची जी तोंडओळख झाली तेवढीच. पुढील आयुष्य कापडाच्या पेढीवर गेले. परंतु त्या शब्दामागे जो दावा चालला, त्यात साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभे राहण्याचा प्रसंग मजवर आला. त्या निमित्ताने या विषयाचे जे वाचन घडले, ते समाजबांधवांपुढे ठेवीत आहे.

'प्रोबेट' हा शब्द लॅटिनमधील 'सिद्ध करणे' या अर्थाच्या धातूपासून आला आहे. मृत व्यक्तीने आपल्या मृत्युपत्रात ज्यास एक्झिक्युटर, म्हणजे व्यवस्था पाहणारा, नेमलेले असते, तो ते मृत्युपत्र न्यायालयापुढे ठेवून शाबित करतो. आणि न्यायालय त्याच्या प्रतीस आपली मोहोर लावून त्याच्या हाती देते. यालाच प्रोबेट म्हणतात. या कामी न्यायालय मोजकेच प्रश्न विचारते. मृत्युपत्र त्याच व्यक्तीने केले काय? करताना तिचे मन सावध व स्वतंत्र होते काय? कायद्याने सांगितलेल्या रीतीने त्यावर सही आणि साक्षी झाल्या काय? मिळकतीवर मालकी कोणाची, हा प्रश्न तेथे सोडविला जात नाही. त्यासाठी वेगळा दावा करावा लागतो. मात्र एकदा प्रोबेट मिळाले की मृत्युपत्राच्या खरेपणाविषयी तो निर्णय केवळ समोरच्या पक्षावर नव्हे, तर साऱ्या जगावर बंधनकारक ठरतो.

इतकी कसोटी कशासाठी? आम्हा व्यापाऱ्यांना याचे उत्तर सहज उमगावे. एखाद्या हुंडीवरील सही खोटी असल्याचे कोणी म्हटले, तर सही करणाऱ्यास समोर बोलावून विचारता येते. मृत्युपत्राचे तसे नाही. तो कागद बोलू लागतो तेव्हा त्याचा कर्ता बोलावयास उरलेला नसतो. म्हणूनच त्याच्या जागी दोन साक्षीदारांना बोलावे लागते.

हिंदू धर्मशास्त्रात मृत्युपत्राची कल्पना रूढ नव्हती. एकत्र कुटुंबात मुलाचा हक्क जन्मतःच निर्माण होई. मागे राहिलेल्या मिळकतीची वाटणी शास्त्राने व रूढीने ठरलेली असे. ब्रिटिश अमदानीत मुंबई, कलकत्ता, मद्रास या बंदरांच्या शहरांत स्वकष्टार्जित धन वाढले, इंग्रज व्यापाऱ्यांच्या सहवासात त्यांच्या रीती कळू लागल्या, आणि आपले लोकही मृत्युपत्रे करू लागले. त्यांची न्यायालयेही तेथेच उभी राहिली. १७२६ च्या सनदेनुसार मुंबईत मेयरचे न्यायालय स्थापन झाले व त्यास प्रोबेट देण्याचा अधिकार मिळाला. १७९८ मध्ये त्याच्या जागी रेकॉर्डरचे न्यायालय, १८२४ मध्ये सर्वोच्च न्यायालय आणि १८६२ मध्ये आजचे उच्च न्यायालय आले.

तरीही हिंदू-जैनांच्या मृत्युपत्राचे रूप कसे असावे, याविषयी दीर्घकाळ नेमका कायदा नव्हता. सही नसलेला कागद चाले, साक्षीदार नसले तरी चाले, इतकेच काय, तोंडी सांगितलेली इच्छादेखील मृत्युपत्र म्हणून मान्य होई. अशा स्थितीत खोट्या कागदांना आणि खोट्या साक्षींना वाव मिळावा, यात नवल ते काय?

यावर पहिला बंधारा घातला तो १८७० च्या हिंदू विल्स ॲक्टने. या कायद्याच्या नावात केवळ 'हिंदू' हा शब्द असला तरी त्याच्या कलमात हिंदू, जैन, शीख आणि बौद्ध अशा चारही समाजांचा स्पष्ट उल्लेख होता. १ सप्टेंबर १८७० पासून बंगालचा प्रांत आणि मद्रास व मुंबई ही शहरे येथे केलेल्या मृत्युपत्रांना तो लागू झाला. मृत्युपत्र अन्यत्र केले, पण त्यातील स्थावर मिळकत या प्रदेशांत असेल, तर त्या मिळकतीपुरताही तो लागू झाला. लेखी कागद, कर्त्याची सही किंवा अंगठा, आणि किमान दोन साक्षीदार हा नियम आपल्या समाजास तेव्हापासून लागला. १८८१ मध्ये प्रोबेटच्या कार्यपद्धतीचा स्वतंत्र कायदा झाला आणि पुढे हे सारे १९२५ च्या भारतीय उत्तराधिकार अधिनियमात एकत्र आले.

मुंबईबाहेरील गावांत मात्र जुनी ढिलाई आणखी काही वर्षे टिकली. १ जानेवारी १९२७ पासून पुढे केलेल्या मृत्युपत्रांना सर्वत्र लेखाचा व साक्षीचा नियम लागू झाला, आणि तोंडी मृत्युपत्राचा काळ संपला. परंतु प्रोबेटची सक्ती मुंबई शहरापुरतीच राहिली. परिणामी, आपल्या गावी केलेल्या मृत्युपत्रातील गावच्या घरास प्रोबेट लागत नसे. पण त्याच कागदात मुंबईतील एका लहानशा सदनिकेचा उल्लेख असेल, तर तेवढ्यासाठी न्यायालयाची पायरी चढणे अपरिहार्य होई. आपल्या ट्रस्टच्या वाट्याला नेमके हेच आले.

ज्यांचे नाव फलकावर आहे त्यांना आम्ही सारे काकी म्हणत असू. पतीच्या पश्चात त्या एकट्या राहिल्या, मूलबाळ नव्हते. मुंबईतील दोन खोल्यांची मालकीची सदनिका त्यांना पतीकडून मिळाली होती. १९८८ साली त्यांनी मृत्युपत्र करून ती पाठशाळेच्या विस्तारासाठी ट्रस्टला दिली आणि ट्रस्टच्या तत्कालीन अध्यक्षांना एक्झिक्युटर नेमले. एके दिवशी दुपारी त्या आमच्या दुकानी आल्या. गिऱ्हाईक बरेच होते. पिशवीतून कागद काढून त्या म्हणाल्या, "बाळ, ही माझी सही आहे, माझ्या इच्छेने केली आहे. तू साक्षीदार म्हणून सही कर." एक साक्ष आधीच झालेली होती, ती त्यांच्या डॉक्टरांची, आदल्या दिवशीची. मी गादीवर बसल्या बसल्या सही केली आणि पुन्हा तागा उलगडावयास घेतला. आपण किती मोठ्या जबाबदारीवर सही करीत आहोत, याचा विचारही त्या वेळी मनास शिवला नाही.

१९९६ मध्ये काकी निवर्तल्या. प्रोबेटसाठी उच्च न्यायालयात अर्ज झाला, नातलगांना नोटिसा गेल्या, आणि त्यांच्या पतीच्या पुतण्यांनी कॅव्हेट दाखल करून हरकत घेतली. हरकत आली की प्रोबेटच्या अर्जाचे रूपांतर दाव्यात होते. पुरावे, उलटतपासणी, सारे काही रीतसर चालते. पुतण्यांचा आक्षेप वरवर पाहता गैर नव्हता. मृत्युपत्र ट्रस्टच्या अध्यक्षांच्या कचेरीत टंकलिखित झाले होते. लाभ ट्रस्टचा होता. आणि काकींच्या सहीच्या मध्यभागी शाईचा डाग होता. सही कोणी तरी गिरवली असावी, असे त्यांचे म्हणणे.

येथे थोडे मागे जाऊन कायद्याची दृष्टी पाहिली पाहिजे. मृत्युपत्र पुढे आणणाऱ्यानेच ते सिद्ध करावे, आणि ज्याचा लाभ आहे त्यानेच ते तयार करविले असेल तर न्यायालयाने अधिक सावध राहावे, हे तत्त्व लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने १८३८ मध्येच सांगितले होते. स्वतंत्र भारतात त्याचे सर्वांत विशद विवेचन साताऱ्यात जन्मलेले न्यायमूर्ती प्रल्हाद बाळाचार्य गजेंद्रगडकर यांनी केले. म्हैसूरकडील एका विधवेच्या मृत्युपत्राच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या वतीने त्यांनी दिलेला निर्णय १९५९ च्या निर्णयसंग्रहात प्रसिद्ध आहे. त्याचा सारांश असा की, मृत्युपत्र इतर दस्तऐवजांप्रमाणेच सिद्ध करावयाचे. गणितातल्यासारखी बिनचूक खात्री कोणी मागत नाही. परंतु सही संशयास्पद असेल, कर्त्याची प्रकृती क्षीण असेल, वाटणी अस्वाभाविक असेल किंवा लाभार्थ्यानेच पुढाकार घेतला असेल, तर ते संशय दूर करण्याचा भार मृत्युपत्र पुढे आणणाऱ्यावर असतो. १९७६ मध्ये न्यायमूर्ती यशवंतराव चंद्रचूड यांनी त्यात मोलाची भर घातली. संशयास्पद परिस्थिती असेल तेव्हा हा दोन पक्षांतील साधा वाद राहत नाही. न्यायालयाच्या सदसद्विवेकाचे समाधान व्हावे लागते, असे त्यांनी म्हटले.

साक्षीदारांच्या बाबतीत कायदा काटेकोर आहे. दोन्ही साक्षीदार एकाच वेळी हजर असलेच पाहिजेत असे नाही. परंतु प्रत्येकाने कर्त्यास सही करताना पाहिलेले असावे, किंवा ही सही माझी आहे असे कर्त्याने स्वमुखाने त्यास सांगितलेले असावे, आणि साक्षीदाराने कर्त्याच्या समक्ष सही करावी. न्यायालयात दोघांपैकी एकाची साक्ष पुरते. पण त्या एकाने दोन्ही साक्षी रीतसर झाल्याचे सांगितले पाहिजे. हा मुद्दा सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्रातूनच गेलेल्या जानकी नारायण भोईर यांच्या खटल्यात डिसेंबर २००२ मध्ये निःसंदिग्धपणे मांडला. तपासलेल्या एकमेव साक्षीदारास दुसऱ्याची साक्ष शाबित करता आली नाही, दुसरा साक्षीदार हयात असून त्यास बोलाविले गेले नाही, आणि मृत्युपत्र असिद्ध ठरले.

माझी साक्ष २००३ मध्ये होती. तोपर्यंत डॉक्टर ऐंशीच्या पुढे गेले होते. दुसऱ्या गावी लेकीकडे अंथरुणाला खिळून होते. त्यांना त्रास कशाला, एक साक्ष पुरे आहे, असे आमच्या बाजूस वाटत होते. आदल्या रात्री आम्ही काही जण मुंबईत धर्मशाळेत उतरलो होतो. तेथे एका वडीलधाऱ्या स्नेह्यांनी, अगदी सद्हेतूने, मला सांगितले, "डॉक्टरांनी तुमच्यासमोर सही केली का, असे विचारतील. 'होय' म्हणून मोकळे व्हा. खोटे काय आहे त्यात? सही तर त्यांचीच आहे." मला त्या रात्री झोप आली नाही. मृत्युपत्र खरे होते, काकींची इच्छा मला ठाऊक होती, लाभ पाठशाळेचा होता. आणि आड येत होता तो केवळ एक शब्द. ज्या पाठशाळेत सत्याणुव्रताचा पाठ मी लहानपणी म्हटला, तिच्याच मजल्यासाठी पहिले खोटे बोलावयाचे काय, हा प्रश्न काही केल्या मिटेना.

मुंबई उच्च न्यायालयाच्या इमारतीशेजारीच विद्यापीठाचा राजाबाई टॉवर आहे. दोन्ही वास्तू १८७८ साली पूर्ण झाल्या. टॉवरसाठी आपल्या समाजातील शेठ प्रेमचंद रायचंद यांनी मातोश्रींच्या नावे हयातीतच दान दिले. त्या सकाळी टॉवरकडे पाहताना वाटले, हाताने दिलेल्या दानास साक्षीदार लागत नाहीत. मागे ठेवलेल्या दानास मात्र दुसऱ्याच्या सचोटीवर विसंबावे लागते.

अपेक्षित प्रश्न आलाच. मी उत्तर दिले, "नाही. त्यांनी सही केली तेव्हा मी तेथे नव्हतो. काकींनी स्वतःची सही मात्र माझ्यापुढे कबूल केली." आमच्या बाजूच्या वकिलांचा चेहरा उतरला. परतीच्या प्रवासात फारसे कोणी बोलले नाही. ट्रस्टचे नुकसान मी केले, ही भावना काहींच्या मनात होती आणि ती मला समजत होती.

आता डॉक्टरांची साक्ष घेणे भागच पडले. न्यायालयाने कमिशन नेमले आणि त्यांच्या अंथरुणाशेजारी बसून साक्ष नोंदविली गेली. त्यांनी सांगितले की, त्या दिवशी त्यांनी काकींची नाडी पाहिली, कोणाला काय देत आहात आणि का, हे त्यांच्याच तोंडून ऐकले, आणि मग त्यांनी सही केली. पुढे कोणी न विचारता ते म्हणाले, सही करताना त्यांचे फाउंटन पेन गळले, शाई कागदावर पडली, त्यांनी पदराने निब पुसली आणि उरलेली सही पुरी केली. मी नवा कागद करू या म्हटले, तर त्या म्हणाल्या, डागाने काय बिघडते. ज्या डागावर संशयाची इमारत उभी होती, तोच डाग सहीच्या खरेपणाचा पुरावा ठरला. चार महिन्यांनी डॉक्टर गेले. मी 'होय' म्हटले असते, तर त्यांची साक्ष झालीच नसती आणि डागाचे रहस्य त्यांच्याबरोबर गेले असते. २००५ मध्ये प्रोबेट मिळाले. पुढे धर्मादाय आयुक्तांच्या परवानगीने सदनिकेची विक्री झाली आणि त्या रकमेतून पाठशाळेचा वरचा मजला उभा राहिला.

सिद्ध झालेले मृत्युपत्रही शब्दांच्या चुकीमुळे वाया जाऊ शकते, हेही येथे सांगावयास हवे. मुंबईतील रणछोडदास विरुद्ध पार्वतीबाई या खटल्यात मृत्युपत्राने 'धरम'साठी संपत्ती ठेवली होती. १८९९ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने ते दान रद्द ठरविले. कारण विल्सनच्या कोशात 'धर्म' या शब्दाचे कायदा, सद्गुण, कर्तव्य असे अनेक अर्थ दिलेले होते, आणि इतक्या व्यापक शब्दाची अंमलबजावणी न्यायालय करू शकत नाही, असे त्यांचे मत पडले. आपल्या वाडवडिलांना ज्या शब्दाचा अर्थ विचारण्याची गरज कधी भासली नाही, तो शब्द परक्या न्यायासनास अस्पष्ट वाटला. या अन्यायाचे परिमार्जन व्हावयास अर्धशतक लागले. १९५० च्या मुंबई सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था अधिनियमाच्या कलम १० ने धर्म, धर्मादा, पुण्यकार्य, पुण्यदान अशा उद्देशांसाठी निर्माण झालेला सार्वजनिक न्यास केवळ उद्देश अनिश्चित आहेत म्हणून रद्द होणार नाही, असे स्पष्ट केले. हाच अधिनियम आज महाराष्ट्राच्या नावाने ओळखला जातो. तरीही दात्याने संस्थेचे नोंदणीकृत नाव, नोंदणी क्रमांक आणि दानाचा हेतू स्पष्ट लिहिणे केव्हाही श्रेयस्कर.

या इतिहासाचा ताजा अध्याय नुकताच लिहिला गेला आहे. डिसेंबर २०२५ मध्ये संसदेने निरसन व सुधारणा अधिनियमाद्वारे १९२५ च्या कायद्यातील कलम २१३ वगळले आणि १८७० पासून मुंबईकर हिंदू-जैनांवर असलेली प्रोबेटची सक्ती संपुष्टात आली. अनेकांना याने दिलासा मिळेल आणि ते योग्यच आहे. परंतु सक्ती गेली म्हणजे सिद्धता गेली, असा अर्थ कोणी काढू नये. ज्यास हवे त्यास प्रोबेट आजही घेता येते. आणि मृत्युपत्रास कोणी आव्हान दिले, तर ते साक्षीदारांकरवीच शाबित करावे लागते. १८७२ च्या पुरावा कायद्याच्या जागी १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियम आला, तरी जुन्या कलम ६८ चा हा नियम नव्या कलम ६७ मध्ये कायम आहे. मृत्युपत्राची नोंदणी ऐच्छिक आहे; आणि नोंदणी केली तरी साक्षीदारांची गरज टळत नाही.

म्हणून समाजबांधवांना अनुभवाचे दोन शब्द सांगतो. साक्षीदार आपल्याहून वयाने लहान, धडधाकट आणि सहज सापडतील असे निवडावेत. शक्यतो दोघांनी एकत्र, एकाच बैठकीत आणि एकमेकांच्या समक्ष सह्या कराव्यात. प्रकृती क्षीण असेल तर त्याच दिवशीचे डॉक्टरांचे प्रमाणपत्र जोडावे. ज्या संस्थेस दान द्यावयाचे, तिच्या कचेरीत व तिच्या पदाधिकाऱ्यांच्या हातून मृत्युपत्र तयार करवू नये. आम्ही विश्वस्तांनीही हा संकोच पाळावा. वारसांस वगळावयाचे असेल तर त्याचे कारण दोन ओळींत, कोणाचे मन न दुखविता लिहावे. आणि कोणी आपणांस साक्षीदार होण्यास सांगितले, तर गिऱ्हाईक थांबवून, कागद बाजूस ठेवून, पाहावे, ऐकावे, मगच सही करावी. मी ते केले नाही, याची रुखरुख मला आजही आहे.

आचार्य समंतभद्रांनी सल्लेखनेच्या प्रकरणात, श्रावकाने अंतकाळी स्नेह, वैर व परिग्रह सोडून स्वजनांस क्षमा करावी आणि त्यांची क्षमा मागावी, असे सांगितले आहे. मृत्युपत्राचा खरा हेतूही मागे कलह न ठेवणे हाच असावा. प्रोबेट मिळाल्यानंतरच्या पर्युषणात काकींचे थोरले पुतणे आपण होऊन पाठशाळेत आले, 'मिच्छामि दुक्कडम्' म्हणाले आणि वरच्या मजल्यावर मुलांसाठी दोन कपाटे देऊन गेले. फलकावर आपले नाव घालू नये, अशी त्यांची अट होती. ती आपण पाळली आहे.

जय जिनेंद्र!